आणखी एकदा, मावशी

चौकटसरांना रिकामी चौकट बघवत नसे. फळ्यावर तक्ता आखायचे, आडवं मी, तू, तो, ती, उभं काल, आज, उद्या, आणि त्यातली एखादी चौकट मोकळी राहिली की त्यांचा जीव वरखाली व्हायचा. "भाषेला भोकं नसतात, आपल्या कामाला असतात," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. मुलांनी ठेवलेलं नाव त्यांना ठाऊक होतं आणि आतून आवडतही होतं. माणूस वाईट नव्हता, हे आधीच सांगून टाकलेलं बरं. वाईट माणसावर रागावणं सोपं असतं, त्याला काही लागत नाही.

भाषाशास्त्राच्या दुसऱ्या वर्षाला एक मोठं काम असे. वर्गाने कुणालाच न येणारी एक भाषा घ्यायची, ती बोलणारं माणूस समोर बसवायचं आणि तीस तास त्याला विचारून विचारून त्या भाषेचं व्याकरण उभं करायचं. पुस्तक नाही, कोश नाही, नुसते कान. अर्ध्या वर्षाचे गुण त्या तीस तासांवर. त्या वर्षी माणूसच मिळेना, तेव्हा पहिल्या बाकावरची एक मुलगी उठून म्हणाली, "सर, माझी मावशी आहे."

म्हणताना तिची छाती फुगली होती. तिच्या आईकडची ती भाषा साऱ्या शहरात चाळीस घरांत उरली होती. आईने लेकीला ती शिकवलीच नाही. "जी बाजारात चालते ती शिक, घरचीने पोट भरत नाही," हे आईचं म्हणणं. पण आई कामाला गेली की मुलगी मावशीकडे असायची, आणि मावशी रागावायची, न्हाऊ घालायची, गोष्ट सांगायची ती घरच्या भाषेत. भाचीला ती अर्धी कळायची, पावभर बोलता यायची. भाषाशास्त्राला ती आली तीच मुळी ही पाऊण राहिलेली भाषा भरून काढायला.

मावशी रुग्णालयाच्या लाँड्रीत होती. दुपारी दोनला पाळी सुरू. सकाळचे दोन तास ती विद्यापीठात येऊ लागली, धुतलेले, कडक इस्त्रीचे कपडे घालून, केस चापून बसवून, लग्नाला निघाल्यासारखी. तिने एकच विचारलं होतं, "माझ्या येण्याने तुला मार्क मिळतील ना? मग येते."

आठवड्याभरात अख्खा विभाग तिला मावशी म्हणायला लागला. भाचीला आधी बरं वाटलं. मग तिच्या लक्षात आलं, जिन्यावर झाडू मारणारीलाही सगळे मावशीच म्हणतात, चहाचे कप नेणारीलाही. हाक तीच, आणि हाक मारताना मान वर न करणंही तेच.

ध्वनिमुद्रणाची खोली एवढीशी. भिंतींना राखाडी स्पंज, एका बाजूला काच, मधोमध टेबल, टेबलावर माइक. आत बोलणारी आणि प्रश्न वाचणारी. काचेच्या अलीकडे यंत्र, सर आणि बाकीची चार मुलं. पंख्याची घरघर मुद्रणात येते म्हणून पंखा बंद. मावशीच्या बांगड्याही वाजतात म्हणून पहिल्याच दिवशी तिला त्या काढायला सांगितल्या. तिने मुकाट्याने काढल्या आणि रुमालात गुंडाळून मांडीवर ठेवल्या. पुढे रोज आत गेल्या गेल्या ती आपणहून काढायची.

नात्यातल्या माणसाने प्रश्न विचारायचे नाहीत, नकळत उत्तर सुचवलं जातं, असा नियम होता. म्हणून वाचायला वर्गातली टाचणी बसे. बारीक, उंच, बोलायला टोचरी, पण मनाने साधी पोरगी. भाची काचेच्या अलीकडे कानाला हेडफोन लावून यंत्र सांभाळी. वाक्यांची यादी मात्र पाळीपाळीने एकेकाने करायची. त्या आठवड्यात पाळी भाचीची होती.

दोन तासांच्या मधल्या मोकळ्या वेळेत ग्रंथालयात बसून तिने ती यादी लिहिली. तिला एक क्रियापद हवं होतं, जे कुणी करत नाही, आपोआप घडतं. सगळ्या पुस्तकांत अशा जागी 'मरणे' असतं, तिनेही तेच घेतलं. मग एक नाम हवं होतं, ज्याला माझं-तुझं लागतं. तिने 'मुलगा' घेतला. दोन्ही जोडायला अर्धं मिनिट लागलं नसेल. माझा मुलगा मेला. तुझा मुलगा मेला. त्याचा मुलगा मेला. ओळ पुरी झाली. खाली सही केली, तारीख घातली, यादी टाचणीला दिली.

मावशीचा एकुलता एक मुलगा सहा वर्षांपूर्वी बांधकामाच्या परांचीवरून पडून गेला होता. एकोणीस वर्षांचा होता. भाची त्याच्या सायकलच्या दांड्यावर बसून शाळेत गेलेली. तो गेला तेव्हा ती तीन दिवस मावशीच्या पायाशी बसून होती. यादी करताना हे तिला ठाऊक नव्हतं असं कसं म्हणावं? ठाऊक होतं. पण त्या वेळी तिला क्रियापद दिसलं, मुलगा दिसला नाही. अडाण्याच्या हातून हे होणं नाही. त्याला शिकावं लागतं.

त्या सकाळी मावशी खुशीत होती. आधी कोंबड्याची ओळ होती.

"माझा कोंबडा पळाला," टाचणीने वाचलं. मावशीने आपल्या भाषेत तीनदा म्हटलं. प्रत्येक वाक्य तीनदाच म्हणायचं असे. पहिल्यांदा माणूस अडखळतो, शेवटी सूर सोडतो, मधलं मोजायला बरं पडतं.

"काय गं, एकदा पळालेला कोंबडा परत परत कसा पळेल?"

"धरून आणायचा, मावशी, आणि पुन्हा सोडायचा."

"मग तुमचा तक्ता भरेपर्यंत कोंबडाच जीव सोडेल की!"

काचेच्या अलीकडे सगळे हसले. सरसुद्धा. टाचणीने हसत हसतच पुढची ओळ वाचली.

"माझा मुलगा मेला."

आतली शांतता हेडफोनमध्ये कानाला लागली. मावशीने टाचणीकडे पाहिलं, टाचणी कागदाकडे पाहत होती. मग मावशीने म्हटलं. स्वच्छ, ठाय आवाजात, जशी कोंबड्याची ओळ म्हटली तशी. भाचीचं लक्ष यंत्राच्या सुईवर होतं. आवाज छान येत होता, ना चढा, ना पडका. दुसऱ्यांदा म्हटलं तेव्हा ते शब्द भाचीच्या कानातून खाली उतरले, आणि तिला मुलगा दिसला. तिसऱ्यांदा मावशीचा आवाज मधेच चिरला.

तिने तेव्हाच यंत्र बंद करायला हवं होतं. दार ढकलून आत जायला हवं होतं. हात बटणापासून वीतभर अंतरावर होता.

सरांनी मागून वाकून बोलण्याचं बटण दाबलं. "तिसरं जरा तुटलं. आणखी एकदा, मावशी."

मावशीने मान वर करून काचेकडे पाहिलं. आणि चौथ्यांदा म्हटलं. सगळ्यांत स्वच्छ.

सर कुजबुजले, "आलं ना नीट?" आणि भाचीने सवयीने अंगठा वर केला.

"तुझा मुलगा मेला," टाचणीने पुढची ओळ वाचली.

"हे मी म्हणायची नाही."

"नुसतं उदाहरण आहे, मावशी," सर बटण दाबून म्हणाले.

"असू दे. माझं मी म्हटलं. दुसऱ्याच्या पोराबद्दल असलं तोंडातून काढायचं नाही मला."

उरलेल्या चौकटी मोकळ्या राहिल्या. मावशी उठली, रुमाल सोडला, बांगड्या चढवल्या. एक चढताना हात खरचटला. भाचीकडे न बघता ती पाळीला निघून गेली.

त्यानंतर तीन दिवस मावशी घरी फिरकली नाही. रोज पाळीवरून जाताना बहिणीकडे टेकणारी बाई. चौथ्या दिवशी आईने भाचीच्या पुढ्यात भांडं आदळलं.

"काय केलंत तिला तिथं? फोन केला तर 'बरी आहे' म्हणते आणि ठेवून देते. माझी बहीण कधी एका वाक्यात फोन ठेवते का? तिला सांग तरी, मला सांग तरी!"

भाचीने सांगितलं नाही. तोंडाला कुलूप लागलं होतं, आणि किल्ली तिची तिनेच गिळली होती.

ती सरांकडे गेली. सर शुक्रवारच्या तयारीत होते. दुसऱ्या विद्यापीठांतले पाहुणे येणार होते, त्यांना वर्गाचं काम दाखवायचं होतं, आणि त्याच दुपारी सारं मुद्रण भाषांच्या संग्रहात जमा व्हायचं होतं. एकदा जमा झालं की प्रती तीन ठिकाणी जाणार, परत फिरणार नाहीत.

"सर, मरणाची ती ओळ काढून टाकू या."

"का?"

"मावशीचा मुलगा खरंच गेलाय."

सरांनी चष्मा काढला. "अरेरे. आधी कल्पना असती तर..." ते खरंच थांबले. मग चष्मा पुन्हा चढला. "पण आता आहे ते आहे. आणि बघ, त्या अख्ख्या ओळीत तेवढी एकच चौकट भरली आहे. चौथी आवृत्ती तर इतकी निर्मळ आहे की शुक्रवारी भिंतीवर तिचाच आलेख दाखवायचाय. ऐकणाऱ्याला अर्थ कुठे कळणार आहे? त्याच्या दृष्टीने तो ध्वनी आहे."

"माझ्या दृष्टीने नाही."

"हे बघ, संमतिपत्राचं सातवं कलम. बोलणाऱ्याला आपलं मुद्रण मागे घेता येतं. बोलणाऱ्याला. तुला नाही. मावशींना काही अडचण असेल तर त्या सांगतील ना."

"त्या माझ्या मावशी आहेत, सर. तुमच्या नाहीत."

आवाज चढला होता. दाराशी उभी असलेली टाचणी दचकली. सर मात्र शांत राहिले, आणि त्या शांतपणानेच भाचीच्या तळपायाची आग मस्तकाला गेली. ओरडले असते तर भांडता आलं असतं.

त्याच दुपारी ती लाँड्रीत गेली. वाफेने भरलेला लांबट हॉल, ब्लीचचा वास नाकाला झोंबत होता. मावशी गरम रुळांतून बाहेर येणाऱ्या चादरी ओढून घडी घालत होती. हात थांबले नाहीत.

"मावशी, शुक्रवारी बाराच्या आत ये. ते मुद्रण मला परत द्या, एवढंच म्हण. कलम आहे तसं. तू म्हटल्याशिवाय ते पुसणार नाहीत."

"ती बारीक पोरगी वाचत होती. तिला ते लिहून कुणी दिलं?"

भाचीने घडी घातलेल्या चादरीचं टोक सरळ केलं.

"त्या सरानेच दिलं असेल. शिकलेला माणूस, त्याला घर नाही, दार नाही, पोर नाही का?" मावशीने चादर अशी झटकली की फटका वाजल्यासारखा आवाज झाला. "येते मी. बघतेच त्याच्याकडे."

तेव्हा सांगायचं होतं. 'मी लिहिलं' एवढे दोन शब्द, घरच्या भाषेतही तिला ते येत होते. पण मावशीचा राग सरांकडे वळलेला बघून तिला आतून सुटल्यासारखं वाटलं, आणि तिने मूग गिळले. बाहेर आल्यावर त्या सुटकेचीच तिला शिसारी आली.

शुक्रवारी अकराला मावशी लाँड्रीच्या निळ्या कपड्यांतच आली. या वेळी केसही चापलेले नव्हते. यंत्राच्या खोलीत सर पाहुण्यांसाठी खुर्च्या मांडून घेत होते.

"या मावशी, बसा."

"बसायला नाही आले. माझ्या मुलाचं जे माझ्याकडून म्हणून घेतलंत ते मला परत पाहिजे."

"तुमचा हक्कच आहे," सर नम्रपणे म्हणाले. "फक्त गैरसमज नको. कुणी मुद्दाम केलेलं नाही. आणि ती वाक्यं आमची नव्हती." त्यांनी फायलीतून कागद काढून पुढे धरला. "यादी तुमच्या भाचीनेच केली होती."

मावशीला ती लिपी नीट वाचता येत नसे. पण खालची सही ती ओळखत होती. भाचीला सही पहिल्यांदा जमली तेव्हा तिने ती मावशीच्याच भिंतीवर कोळशाने काढून दाखवली होती.

"तू?" मावशीने घरच्या भाषेत विचारलं.

"हो."

"तू लिहिलंस."

"हो, मावशी."

कागद तिने सरांना परत दिला, पाहुण्याने ताट परत द्यावं तसा, दोन्ही हातांनी.

"मी पुसतो लगेच," सर यंत्राकडे वळले.

"तुम्ही नाही. ती पुसेल."

"त्यासाठी ते शोधावं लागेल, ऐकावं लागेल. तुम्ही हवं तर बाहेर..."

"मी इथेच आहे. कानाला लावायचं नाही. मोठ्याने लाव."

भाचीने हेडफोन काढला, आवाज स्पीकरवर टाकला. आधी कोंबडा आला. मावशीचा थट्टेचा सूर, टाचणीचं उत्तर आणि हसू. मग ते वाक्य. एकदा. दुसऱ्यांदा. तिसऱ्यांदा आवाज चिरला तेव्हा खुर्च्या लावणारा शिपाई हातातली खुर्ची तशीच धरून उभा राहिला. सर खिडकीबाहेर बघायला लागले. आणि त्या स्पंज लावलेल्या खोलीतून सरांचाच आवाज आला, "तिसरं जरा तुटलं. आणखी एकदा, मावशी."

तो किती गोड आवाज होता! एखाद्याला आग्रहाने वाढावं तसा. सरांची मान खिडकीतच राहिली, पण कानाच्या पाळ्या लाल झाल्या.

चौथं वाजलं. मग तेही संपलं.

"चारही काढ," मावशी म्हणाली.

भाचीने एकेक शोधून काढलं. बोट दोनदा चुकलं, दोन्ही वेळा पुन्हा ऐकावं लागलं. मावशी हलली नाही.

"आणि सर बोलले ते?" भाचीने विचारलं.

"ते राहू दे. 'आणखी एकदा' म्हणाले ते राहू दे, आणि पुढे नुसतं मोकळं ठेव. जो ऐकेल त्याला कळू दे, मागितलं आणि मिळालं नाही."

सर वळले. "मावशी, संग्रहात असं विचित्र दिसेल. तक्त्यात ती पूर्ण ओळच मोकळी पडते. तुमच्या भाचीच्या गुणांवर..."

"दिसू दे विचित्र. आणि तिच्या गुणांचं तिला बघू दे. सही केलीय तिने."

हा टोला दोघांनाही लागला, पण बसला तो भाचीला. सरांच्या हातात मोकळ्या चौकटींचा कागद होता आणि तो कुठे ठेवावा हे त्यांना सुचत नव्हतं.

जिना उतरून दोघी बसथांब्यावर आल्या. ऊन रणरणत होतं. भाचीने घरच्या भाषेत माफी मागितली. तिच्या मोडक्यातोडक्या बोलीत ती आणखीच केविलवाणी वाटली.

"कुणाची माफी मागतेस? माझी, का तक्त्याची?"

"मावशी..."

"गप्प बस. सहा वर्षांत मी ते वाक्य तोंडाबाहेर काढलं नव्हतं. देवापुढेसुद्धा नाही. रोज सकाळी हात जोडते आणि म्हणते, तुझ्याकडे आहे तो, सांभाळ. एवढंच. मेला म्हणून मी माझ्या देवाला सांगितलं नाही, आणि तुमच्या त्या डबड्याला चारदा सांगितलं. का? माझ्या पोरीला मार्क पाहिजेत म्हणून. मी म्हटलं, दगड ठेव छातीवर आणि म्हण. पहिल्यांदा म्हटलं ते तुझ्यासाठी. दुसऱ्यांदाही तुझ्यासाठी. मग आवाज फुटला तेव्हा मी काचेकडे पाहिलं. म्हटलं, माझं माणूस आहे पलीकडे, आता उठेल. आणि तू अंगठा दाखवलास. मला दिसला. परका असता तर मी थुंकून विसरले असते! लाँड्रीत आलीस, मी त्याला शिव्या घालत होते, आणि तू ऐकून घेत होतीस. त्या माणसाला निदान ठाऊक नव्हतं गं. तुला ठाऊक होतं. दांड्यावर बसून जायचीस त्याच्या!"

थांब्यावरची दोन माणसं बघायला लागली. त्यांना भाषा कळत नव्हती, राग कळत होता. मावशीच्या तोंडून पुढे जे आलं त्यातलं निम्मं भाचीलाही कळलं नाही. जुने शब्द होते, तिच्या आजीच्या वेळचे, रागाखेरीज कधी बाहेर न येणारे. दोन वर्षांत पहिल्यांदाच तिला अनोळखी शब्द कानावर पडूनही त्याचा अर्थ विचारावासा वाटला नाही. ती खाली मान घालून उभी राहिली. रडू येत होतं, पण रडली असती तर मावशीला तिला जवळ घ्यावं लागलं असतं, आणि ते मागायचा तिला हक्क नव्हता.

बस आली. मावशी चढली. भाचीही मागोमाग चढली, कुणी बोलावलं नसताना. मावशी खिडकीशी बसली आणि आपली पिशवी शेजारच्या जागेवर ठेवली. भाची दांडा धरून उभी राहिली.

पुढच्या थांब्यावर गर्दी झाली. एक बाई वाकून म्हणाली, "पिशवी उचला हो, बसू द्या."

"जागा घेतलेली आहे," मावशी बाजारच्या भाषेत म्हणाली. खिडकीबाहेरून नजर काढली नाही.

"कुणी दिसत तर नाही."

"आहे."

बाई बडबडत पुढे गेली. भाचीने एकदा पिशवीकडे पाहिलं, एकदा मावशीच्या मानेकडे. मान ताठ होती. बसायचं धाडस तिला झालं नाही. रुग्णालयाचा थांबा यायला अजून सात थांबे होते. ती उभीच राहिली.